चऱ्होलीची जमीन डी ड्राइव्हवर

मला सहसा धक्का बसत नाही. चाकणच्या एका कंपनीत मी स्टोअर्स सांभाळतो. कॉम्प्युटरवर दिसणारे बोल्ट रॅकवर नसतात आणि रॅकवर पडलेली मोटर कॉम्प्युटरला ठाऊक नसते, हे रोज बघणाऱ्या माणसाचं काळीज घट्ट होऊन जातं. पण त्या गुरुवारी जे प्रकरण सुरू झालं त्यात मला एकामागून एक असे धक्के बसले, की आमची विजयश्री मला थोड्या थोड्या वेळाने "अहो, तोंड मिटा" असं सांगत होती.

सुरुवात एका लाल पट्टीने झाली. आमच्या रहाटणीच्या फ्लॅटमध्ये एक दांडगा कॉम्प्युटर आहे. आमच्या मुलीने, तनुजाने, तो इंजिनिअरिंगला असताना हट्टाने घेतला आणि नोकरीला बंगळूरला जाताना आमच्या गळ्यात टाकून गेली. त्यावर मी लाइटबिल भरतो आणि विजयश्री पाककृती बघते, असा माझा समज होता. सुट्टीच्या दिवशी बिल भरायला बसलो, तर सी ड्राइव्हची पट्टी या टोकापासून त्या टोकापर्यंत लाल. जागा शिल्लक नाही! थालीपिठांनी एवढी जागा खाल्ली?

लाल रंग दिसला की माझे हात शिवशिवतात. आमच्या कंपनीत जपानी पद्धतीची शिस्त आहे, फाइव्ह एस म्हणतात तिला. सोप्या मराठीत पसारा आवरा. जी वस्तू कशासाठी ठेवलीय हे कोणालाच सांगता येत नाही, तिला लाल टॅग लावून बाजूला काढायची, आणि कोणी मागायला आलं नाही की भंगारात द्यायची. ही पद्धत मी स्टोअर्समध्ये नेटाने राबवली म्हणून मला एकदा शाल आणि भिंतीवरचं घड्याळ मिळालेलं आहे. घड्याळ बंद पडलंय, पण त्याला मी टॅग लावलेला नाही.

तर मी कॉम्प्युटरमध्ये शिरलो. आधी डॉक्युमेंट्स. तिथे इंग्रजी नावाची काही चिल्लर फोल्डरं होती. ती माझी नव्हती, विजयश्रीची तर नव्हतीच, म्हणजे तनुजाचा जुना पसारा. भंगारात थेट काही टाकायचं नाही हा नियम असल्यामुळे ती मी एका पेनड्राइव्हवर काढली, पेनड्राइव्हला खरोखरचा लाल दोरा बांधला आणि तो माझ्या ऑफिसच्या पिशवीत ठेवला. मग मोठा माल शोधला. सगळी जागा गेम्स नावाच्या एका फोल्डरने अडवलेली. मुलगी नोकरीला लागली तरी तिचे गेम आमच्या उरावर! काढून टाकावेत, तर दिवाळीला आल्यावर तिने घर डोक्यावर घेतलं असतं. पण शेजारीच डी ड्राइव्ह रिकामा बसलेला. एक रॅक ओसंडतेय आणि बाजूची धूळ खातेय, हे दृश्य मला बघवत नाही. माल हलवायचं मी तिथल्या तिथे ठरवलं.

सल्ला घेतला नाही असं नाही. समोरच्या फ्लॅटमधली मोनिका हिंजवडीला आयटीत आहे. ती तिथे लोकांचे पगार काढते हे मला माहीत होतं, पण आयटी ती आयटी. ती दारातूनच म्हणाली, "काका, सोपं आहे. कट करा, पेस्ट करा." मग कंपनीतल्या कॉम्प्युटर विभागाच्या नवनाथला फोन केला. तो म्हणाला, "साहेब, तसं करू नका हां. गेम असा उचलून दुसरीकडे ठेवला की त्याला कळत नाही आपण कुठं आहोत. त्या गेमच्या प्रोग्राममध्येच हलवायची सोय असते, तिथून हलवा. नाहीतर थांबा, मी पुढच्या गुरुवारी येतो." नवनाथ माझ्यापेक्षा दोन ग्रेडने खाली आहे. ज्या माणसाने पूर्ण स्टोअर्स भोसरीहून चाकणला हलवली, एक वॉशर हरवू दिला नाही, तो एक फोल्डर हलवायला पुढच्या गुरुवारपर्यंत थांबणार? मी कट केलं आणि पेस्ट केलं.

हिरवी रेघ हळूहळू पुढे सरकू लागली. मी खुर्चीत मागे रेलून समाधानाने बघत होतो. रेघ अर्ध्यावर आली आणि लाइट गेली.

आता यात माझी चूक काय ते सांगा. आमच्या भागात कंपन्यांना सुट्टी गुरुवारची, आणि तारांच्या देखभालीसाठी लाइट घालवायची तीही गुरुवारचीच. हे इथलं लहान पोरही जाणतं. गुरुवारी लोक लिफ्टमध्येसुद्धा जपून शिरतात. शिवाय आदल्या दिवशी सोसायटीच्या ग्रुपवर सूचना आली होती म्हणे. पण मी तो ग्रुप बंद करून ठेवलेला. आमचे सेक्रेटरी लक्ष्मणराव यांनी, पॅसेजमध्ये चपलांचं कपाट ठेवल्याबद्दल, माझं नाव घेऊन, कपाटाच्या फोटोसकट, तिथे जाहीर नोटीस टाकली होती. अशा ग्रुपवर स्वाभिमानी माणसाने काय म्हणून राहावं?

काळ्या पडद्यासमोर मी बसलो होतो, तेवढ्यात दारात सासरे उभे. बबनराव माझे सासरे, मी त्यांना मामा म्हणतो. चऱ्होलीचे जुने बागायतदार. जमीन बिल्डरला देऊन आता आमच्याच इमारतीत एक मजला वर एकटे राहतात. दिवसा कधी लेकीकडे चहाला येतात हे मला ठाऊक होतं, पण गुरुवारी कधीच येत नसत. जावई घरात असताना लेकीच्या घरी पाय पसरून बसू नये अशी त्यांची रीत आहे, असं मला विजयश्रीने सांगितलं होतं आणि मी त्या रीतीचा आदर करत आलो होतो.

मामा कॉम्प्युटरकडे बघत म्हणाले, "पाव्हणं, लाइट कवा येनार हाय? आज बसनं भाग हाय. ऊस तोडायला आलाय."

मी विजयश्रीकडे बघितलं. वय झालं की असं होतं म्हणतात. मी आवाज शक्य तितका मऊ केला. "मामा, कुठला ऊस?"

"आपला. चऱ्होलीचा."

चऱ्होलीला मामांच्या उसात आता बारा मजल्यांच्या इमारती उभ्या आहेत. मी घाईने त्यांना खुर्ची दिली, विजयश्रीला खुणेने पाणी आणायला सांगितलं. ती जागची हलली नाही. तिचा चेहरा पडला होता, आणि ती बघत होती माझ्याकडे.

"अहो," ती म्हणाली, "तुम्ही त्या कॉम्प्युटरला काय केलंत?"

मग ते दोघं बोलत गेले आणि माझं तोंड उघडत गेलं. गेम तनुजाचा नव्हता. म्हणजे लावून तिने दिला होता, पण खेळत होते मामा. शेतीचा गेम. नांगरायचं, पेरायचं, खत घालायचं, कापायचं. मी सकाळी कंपनीच्या बसमध्ये बसलो की मामा खाली उतरायचे आणि माझ्या खुर्चीत बसून संध्याकाळपर्यंत शेती करायचे. हे तनुजा गेल्यापासून चाललं होतं. माझ्या घरात, माझ्या खुर्चीत, माझ्या विजेवर बागायत उभी होती आणि मला पत्ता नव्हता.

"मला कोणी सांगितलं का नाही?" मी विचारलं.

"तुम्ही कुठलीही वस्तू दिसली की ती कशासाठी आहे विचारता," विजयश्री म्हणाली. "याचं काय उत्तर देणार?"

पुढचं मग तीच सांगू लागली. मामांनी त्या गेममध्ये कुठलंतरी शेत केलं नव्हतं. त्यांनी आपलं चऱ्होलीचं रान जसंच्या तसं उभं केलं होतं. आठवून आठवून. चढ कुठे, उतार कुठे, पाट कुठून वळतो, विहीर कुठल्या कोपऱ्यात. गेम परदेशी असल्यामुळे चिंचेचं झाड मिळेना, तेव्हा कुठलंतरी विलायती झाड आणून चिंचेच्या जागी लावलं आणि त्याला चिंच म्हणायचं ठरवलं. गाई काळ्या-पांढऱ्या, धिप्पाड, पण नावं कपिला आणि हरणी. जमीन दिली तेव्हा मामांनी बिल्डरच्या माणसाकडे एकच गोष्ट मागितली होती. विहीर आणि चिंच तेवढी राहू द्या, इमारत जरा बाजूला सरकवा. त्याने नकाशा उघडून दाखवला होता आणि जमत नाही म्हणाला होता. त्यानंतर मामा त्या बाजूला कधी गेले नाहीत. हे मला माहीत होतं. त्यांनी ते रान आमच्या हॉलमध्ये आणून ठेवलंय, हे मात्र माहीत नव्हतं.

"हालवलं म्हंजी? कुठं हालवलं?" मामा विचारत होते.

"सी मधून डी मध्ये, मामा. शेजारीच. तिथे जागा मोकळी आहे."

"आमाला न इचारता?"

 मामा उठले, चहा न घेता वर गेले. जिन्यात एकदा थांबले, आणि खाली न बघता म्हणाले, "परत गेली मंग जमीन." विजयश्रीने माझं ताट वाढून ओट्यावर झाकून ठेवलं आणि आपलं घेऊन ती आत गेली.

संध्याकाळी लाइट आली. निम्मा गेम सी मध्ये, निम्मा डी मध्ये, आणि सुरू करायला गेलं की "गेम सापडत नाही". तनुजाला फोन लावला.

"पप्पा, तुम्ही कट केलंत?" एवढंच ती तीन वेळा म्हणाली, दर वेळी आवाज वर चढवत. मग जरा थंडावून म्हणाली, "थांबा. गेम पुन्हा डाउनलोड करता येतो, डी वरच घ्या. आजोबांच्या खात्यात लॉगिन करा. शेताची फाइल वेगळी असते, ती डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह होते. तिला तर काही झालं नसेल."

डॉक्युमेंट्स शब्द ऐकून मला काहीतरी आठवू लागलं, पण ते राहून गेलं, कारण तेवढ्यात दारावर लक्ष्मणराव. तेच ते, चपलांच्या कपाटाचे. मी छाती पुढे काढून उभा राहिलो. त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"वहिनी, बबनराव आहेत का? दुपारपासून फोन उचलत नाहीत. आज तोडीला यायचं की नाही तेवढं विचारायचं होतं. माझा ट्रॅक्टर तयार आहे."

मी भिंत धरली. सोसायटीचे सेक्रेटरी, ज्यांच्या धाकाने बिल्डिंगमध्ये कोणी बाल्कनीत चादर वाळत घालत नाही, ते आपल्या घरच्या कॉम्प्युटरवरून मामांच्या शेतात मजुरीला येत होते! शेणखत टाकायचं काम आजवर त्यांच्याकडेच होतं. "रिटायर झाल्यापासून यातच बरं वाटतं हो," ते म्हणाले. "बबनराव मालक म्हणून कडक आहेत, पण माणूस चांगला." झालेला प्रकार विजयश्रीने त्यांना सांगितला. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की त्यापेक्षा दुसरी नोटीस परवडली असती.

लॉगिनला मामांना बोलवावं लागलं, पासवर्ड त्यांच्याच डोक्यात होता. ते आले, पण बसले दूर. पासवर्ड बरोबर निघाला. तरी नवी जागा बघून त्या प्रोग्रामला शंका आली, आणि तो म्हणाला, तुम्ही माणूस आहात हे सिद्ध करा. खाली चौकोनात छोटे छोटे फोटो. ज्यात ट्रॅक्टर आहे ते निवडा.

मी पटापट निवडू लागलो. मामा उठून पुढे आले.

"ह्यो ट्रॅक्टर न्हाई."

"मामा, लाल आहे, चाकं आहेत."

"हार्वेस्टर हाय त्यो. आन ह्यो पावर टिलर. आन हितं निस्तं चाक दिसतंय, निस्त्या चाकाला ट्रॅक्टर म्हनत्यात व्हय?"

लक्ष्मणरावांचं मत, चाक धरावं. मोनिका आवाज ऐकून आली होती, तिचं मत, काका कशालाही हात लावू नका. मामांनी जन्मभर ट्रॅक्टर चालवले होते, म्हणून त्यांचं ऐकलं. चूक आलं. पुन्हा फोटो आले, पुन्हा मामांनी एक मळणीयंत्र बाजूला काढलं, पुन्हा चूक. शेवटी आम्ही माणूस नाही असा निकाल लागला आणि खातं दुसऱ्या दिवसापर्यंत बंद झालं. तक्रारीची सोय होती. तिथे विचारलं होतं, हे खाते आपलेच असल्याचा पुरावा काय? लक्ष्मणराव म्हणाले, सातबारा लावून बघा. ते गंभीरपणे म्हणाले होते.

शुक्रवारी मी कंपनीत गेलो. गेटवर पिशव्या तपासतात. सिक्युरिटी सुपरवायझर बुद्धरत्न यांनी माझ्या पिशवीतून लाल दोरा बांधलेला पेनड्राइव्ह बाहेर काढला. बाहेरचा पेनड्राइव्ह आत आणायचा नाही, असा आमच्याकडे सक्त नियम आहे. तो नियम मीच लिहिलेला.

"साहेब, जमा करावा लागेल," ते म्हणाले.

मला अभिमानाने भरून आलं. बसमधून उतरलेल्या सगळ्यांना मी थांबवलं आणि सांगितलं, बघा, साहेब असला तरी सोडत नाही, याला म्हणतात शिस्त. दोन जणांकडून टाळ्याही वाजवून घेतल्या. पेनड्राइव्ह पाकिटात गेला, पाकिटाला सील लागलं, आणि मी ताठ मानेने आत गेलो.

संध्याकाळी घरी आलो तर खातं उघडलेलं. नुसत्या चाकालाही ट्रॅक्टर धरलं म्हणे विजयश्रीने, आणि झालं. गेम डी ड्राइव्हवर उतरलेला. मामा, विजयश्री, लक्ष्मणराव पडद्यासमोर बसलेले. पडद्यावर एक कोरी हिरवी जमीन होती. मध्ये एक लाकडी घर, शेजारी एक गोरा माणूस हॅट घालून उभा. तो इंग्रजीत म्हणत होता, आपले स्वागत आहे, चला, शेती शिकू या.

मामांनी त्या गोऱ्याकडे बघितलं. "ही कुनाची जमीन?" ते म्हणाले.

डॉक्युमेंट्स. इंग्रजी नावाची चिल्लर फोल्डरं. लाल दोरा. सील. टाळ्या. हे सगळं माझ्या डोक्यात एकदमच आलं. विजयश्री "अहो, तोंड मिटा" म्हणाली, मग माझा चेहरा बघून तीच घाबरली.

मी सांगून टाकलं. मामांची जमीन चाकणला आमच्या गेटवर जप्त होती.

मामांनी आरडाओरडा केला असता तर मला बरं वाटलं असतं. ते उठले, खिशातून फोन काढला, आणि फोन लावला तो चऱ्होलीला, ज्ञानदेवरावांना. आता विजयश्रीचंही तोंड उघडं पडलं. ज्ञानदेवराव मामांचे चुलतभाऊ, दोघांची रानं एकमेकांना लागून. मधल्या बांधावरून त्यांचं बोलणं तुटलं ते जमिनी विकल्या तरी तुटलेलंच होतं. लग्नकार्यातही एक मांडवाच्या या टोकाला बसायचा, दुसरा त्या. पण जमिनीला हात लागला की हद्दीचा शेजारी हजर हवा, बोलणं असो नसो, अशी त्यांच्याकडची पद्धत.

मामा फोनवर एवढंच म्हणाले, "ज्ञाना, जमिनीची भानगड झालीय. उद्या ये." आणि फोन ठेवला.

शनिवारी मी गेटवर उभा. बुद्धरत्न अत्यंत नम्रपणे म्हणाले, "साहेब, जप्त माल गेटपासशिवाय सोडत नाही. गेटपासवर स्टोअर्सप्रमुखाची सही लागते."

"मीच स्टोअर्सप्रमुख."

"हो साहेब. पण ज्याचा माल त्याची सही चालत नाही. तुम्हीच घातलेलं कलम आहे." त्यांनी ते भिंतीवर लावलेलं दाखवलं. खाली माझंच नाव होतं, चौकटीत.

त्याआधी तपासणी. नवनाथने पेनड्राइव्ह आपल्या कॉम्प्युटरला लावला, बराच वेळ खाली-वर केलं, आणि माझ्याकडे बघून म्हणाला, "साहेब, यात गाई आहेत. ऊस आहे. शेणखत खूप आहे." मी मान खाली घालून हो म्हणालो. गुरुवारच्या फोनबद्दल तो एक शब्द बोलला नाही. बोलला असता तर मी त्याच्यावर चिडू तरी शकलो असतो.

माझ्याऐवजी सही करणारा एकच माणूस, प्लांटचे मोठे साहेब. मालाचे वर्णन या रकान्यात काय लिहावं हे मला सुचेना, म्हणून खरं तेच लिहिलं, चऱ्होली येथील शेतजमीन, विहिरीसह. मोठे साहेब पेन उघडून थांबले. खुर्ची पुढे ओढली.

"चऱ्होलीला जमीन आहे तुमची? रस्त्याला लागून आहे का?"

"साहेब, ती तशी जमीन नाही."

"एनए नाही? हरकत नाही, होईल. विकायची आहे?"

मी पुन्हा पुन्हा नाही म्हणालो आणि दर वेळी त्यांना वाटलं मी भाव वाढवतोय. सही झाली. पण मी गेटवर पोचेपर्यंत बातमी माझ्यापुढे गेली होती. कॅन्टीनवाल्याने हळूच विचारलं, गुंठेवारीत देणार का, आणि बुद्धरत्न पाकीट हातात देताना म्हणाले, "साहेब, एखादा कोपरा असेल तर आम्हालाही लक्षात ठेवा." मी पाकीट शर्टाच्या आत धरलं आणि बसमध्ये सबंध रस्ता त्यावर हात ठेवून बसलो.

घरी दारात अनोळखी कोल्हापुरी चपला. हॉलमध्ये ज्ञानदेवराव, पांढरी टोपी, पांढरा शर्ट, मामांकडे अर्धी पाठ करून बसलेले. लक्ष्मणराव मधल्या खुर्चीत. मोनिका दाराशी. मला कोणी बस म्हणालं नाही. मी नवनाथला फोन लावून कानाशी धरला आणि तो सांगेल तसं, एक बोट इकडे-तिकडे न करता, ती फोल्डरं डॉक्युमेंट्समध्ये परत ठेवली.  विजयश्री माझ्या मागे येऊन उभी राहिली. गुरुवारनंतर पहिल्यांदाच ती इतकी जवळ उभी होती.

गेम उघडला. पडदा काळा, मग राखाडी, मग ऊस. डोक्याएवढा, तुऱ्यावर आलेला.

 मामा खुर्चीत बसले, चष्मा लावला आणि चालायला लागले. म्हणजे पडद्यावरचा माणूस चालायला लागला. विहीर. "हाय," मामा म्हणाले. गोठा. "हाय." कपिला, हरणी. पाटाचं वळण. मग ते विलायती झाड. त्याच्याखाली जाऊन मामा थांबले.

"पाव्हणं," ते मागे न बघता म्हणाले, "समदं उचलून दुसऱ्या जागी न्येलं म्हनता तुमी?"

"हो, मामा."

"आन हीर हालली न्हाई?"

"नाही."

"चिंच बी न्हाई?"

"काही हललं नाही, मामा. सगळं जसंच्या तसं आहे."

मामांनी चष्मा काढला. "मंग त्याला का जमलं न्हाई?" ते म्हणाले.

बिल्डरच्या माणसाबद्दल बोलत होते ते.  लक्ष्मणराव जमिनीकडे बघू लागले. विजयश्रीने पदर डोळ्याला लावला. पडद्यावर कपिला एकदा हंबरली.

तेवढ्यात ज्ञानदेवराव ताडकन उठले. पडद्याजवळ गेले. बोट काचेवर टेकवलं.

"बबन, ह्यो बांध कुटं घातलायस?"

"व्हता तितंच."

"व्हता तितं? दोन हात माझ्या रानात शिरलायस! हितंबी!"

"ज्ञाना, आवाज खाली. बांध तितंच हाय."

"अरं माझ्या लिंबाच्या हिकडं व्हता! माझा लिंब कुटं हाय ह्यात?"

आणि सुरू झालं. ज्या बांधावर आज कोणाचीतरी पार्किंग आहे, त्या बांधावरून माझ्या हॉलमध्ये दोन म्हातारे एकमेकांच्या बापापर्यंत पोचले. लक्ष्मणराव मोजणीची भाषा करू लागले. मी मध्ये पडलो तर दोघांनी मिळून मला गप्प केलं, "तुमी थांबा पाव्हणं, तुमी आदीच लई हालवाहालव केलीय." मी पुन्हा भिंत धरली. पण विजयश्री तोंड मिटा म्हणाली नाही. ती हसत होती. डोळे पुसत होती आणि हसत होती. मला उशिरा कळलं की इतक्या वर्षांत ते दोघं एकमेकांशी पहिल्यांदाच बोलत होते.

शेवटी मामांनी माऊस धरला. बांध धरला आणि दोन हात मागे सरकवला. मग आणखी थोडा.

"बास?"

ज्ञानदेवरावांनी वाकून बघितलं. "बास," ते म्हणाले, आणि बसले. पण आता मामांकडे तोंड करून बसले. चहा आला, त्यांनी बशीत ओतला आणि फुंकर घालत बांधाच्या पलीकडे बघत राहिले. तिथे काहीच नव्हतं. मामांचं रान संपलं की नुसतं मोकळं हिरवं माळरान होतं, कोणाचंच नसलेलं. लिंब नव्हता, वस्ती नव्हती.

बशी खाली ठेवून ते माझ्याकडे वळले. मघाचा आवाज नव्हता.

"पाव्हणं, त्या तुमच्या डी मदी अजून जागा हाय का?" ते म्हणाले. "माजी बी आनायची व्हती."

मी माऊस हातात घेतला आणि डी ड्राइव्ह उघडून पट्टी बघितली. निळी होती, पुढे बरीच मोकळी.

"आहे की, ज्ञानदेवमामा," मी म्हणालो. "सगळी बसेल. लिंबासकट."